टाकाऊपासून टीकाऊ : स्वतःची लाज स्वतःच काढण्याचा धागा

तासिकावाला

मुलगी तिसरीत आहे. परवा तिच्या दप्तरात डबा शोधताना निबंधाची वही हाताला लागली. विषय 'माझे बाबा'. पहिल्या तीन ओळी रिवाजाप्रमाणे : नाव, गाव, बाबा कॉलेजात शिकवतात. चौथी ओळ, 'माझे बाबा खूप विनोदी आहेत.' पाचवी, 'ते म्हणतात मी टाकाऊ आहे.' सहावी, 'आम्ही शाळेत टाकाऊपासून टीकाऊ वस्तू बनवतो म्हणून बाबांचे पण काहीतरी बनेल.'

खाली बाईंनी लाल शाईत 'छान' लिहून दहापैकी नऊ दिलेत. 'टिकाऊ'ची वेलांटी चुकली म्हणून एक मार्क कापला. मला ती चूक वाटलीच नाही. टीकाऊ. माझं याहून नेमकं वर्णन कुणी केलेलं नाही.

थोडी पार्श्वभूमी. वय ४१. प्राध्यापकीसाठी लागणारं नेट झालंय, सेट झालंय, गेली अकरा वर्षं तासिका तत्त्वावर मराठी शिकवतो. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी : जेवढे तास घेतले तेवढ्यांचेच पैसे. दिवाळीची सुट्टी शून्य, उन्हाळा शून्य. बिल महिन्याच्या महिन्याला भरायचं, पैसे कधी येतील ते विचारायचं नाही. आणि दरवर्षी नव्याने मुलाखत. तीच खोली, तेच टेबल, तोच 'स्वतःबद्दल थोडं सांगा'. गेल्या वर्षी मी म्हणालो, "सर, मागच्या वर्षी सांगितलं होतं, त्यात काही भर पडलेली नाही." सगळे हसले. घेतलं मला.

तेव्हा हे असं आहे. मी स्वतःवर विनोद करतो आणि बरे करतो. गेल्या मे महिन्यात मेहुणीच्या लग्नात माझाच एक जुना विद्यार्थी भेटला. पीएसआय झालाय. भर पंगतीत वाकून पाया पडला आणि म्हणाला, "सर, अजून तिथंच?" वाढप्याच्या हातातली मठ्ठ्याची किटली तशीच थांबली. मी म्हटलं, "हो रे, छप्पर गळतंय, मीपण गळतोय. दोघांची दुरुस्ती मंजूर आहे, निधी नाही." अख्खी पंगत हसली. सासरेसुद्धा. मला बरं वाटलं, कारण दुसऱ्या कुणी काही बोलायच्या आत मीच बोलून मोकळा झालो होतो.

रात्री तीनला जाग आली की मात्र तीच वाक्यं परत ऐकू येतात. मजकूर तोच, फक्त हशा काढून टाकलेला.

धागा एवढ्यासाठी की माझ्यासारखे इथे आणखी असणार. आपापले किस्से टाका. सहानुभूती नको. प्राणायाम नको. 'सकारात्मक राहा' म्हणणाऱ्याचा आयडी लक्षात ठेवला जाईल.

---

खारी_बिस्कीट

पहिला!

(आयुष्यात कशात तरी.)

---

पहाटवारा

खूप छान लिहिलंय सर. रोज सकाळी आरशासमोर उभं राहून 'मी सुंदर आहे, मी यशस्वी आहे' असं अकरा वेळा म्हणा. सकारात्मक राहा.

---

खारी_बिस्कीट

मी करून बघितलंय. सातव्या वेळेला बायको आत येऊन म्हणाली, "कुणाशी बोलताय?" आता आठव्यांदा काय म्हणू?

---

गवती_चहा

मी फ्रँकफुर्टला असते. सॉफ्टवेअरवाली, म्हणजे तुमच्या दृष्टीने 'हिचं काय बिघडलंय' या गटातली. तर ऐका.

दर सोमवारी टीम मीटिंगला बसताना वाटतं की आज उघडकीला येणार. या बाईला काही येत नाही, ही चुकून आत आलीय, सिक्युरिटीला बोलवा. एकदा मॅनेजरने 'पाच मिनिटं वेळ आहे का?' असा निरोप पाठवला, तर मी आधी ड्रॉवर आवरला. मसाल्याचा डबा, शाल, गणपती सगळं पिशवीत भरून गेले. त्याला विचारायचं होतं की दिवाळीच्या फराळातली ती गोल, भोकाची, तिखट गोष्ट परत कधी आणणार.

याला इम्पोस्टर सिंड्रोम, म्हणजे आपण तोतये आहोत असं वाटत राहणं, म्हणतात असं एका मैत्रिणीने सांगितलं, म्हणून मुळातून वाचायला घेतलं. पॉलीन क्लान्स आणि सुझान आइम्स या दोघी मानसशास्त्रज्ञ, लेख १९७८ चा. त्यांनी सिंड्रोम म्हटलंच नव्हतं, 'फिनॉमिनन', म्हणजे नुसता एक अनुभव, म्हटलं होतं, तो रोग नंतर लोकांनी केला. दीडशेच्यावर बायकांशी झालेल्या कामावर तो लेख उभा आहे. आणि त्या सगळ्या कोण? कर्तबगार बायका. पदव्या, मानसन्मान, आपापल्या क्षेत्रात नाव असलेल्या.

ते वाचून माझ्या मनात आलेला पहिला विचार : मग हे आपल्याला लागू नाही, आपण कुठे कर्तबगार.

म्हणजे इम्पोस्टर असण्याचीही माझी लायकी नाही. त्यातही मी चुकून घुसलेय.

---

खारी_बिस्कीट

दंडवत. धागा इथेच बंद करा, अंतिम सामना झाला.

---

नलूमावशी

थांब रे बाळा, अजून म्हातारी माणसं बोलायची आहेत.

मी रंगाने काळी. सावळी नाही, गव्हाळ नाही, 'निमगोरी' तर मुळीच नाही. १९८३ ते ८६ या काळात मला तेवीस जण बघून गेले. डाळीचं पीठ आणि साय चोळून चोळून कोपरं सोलवटून निघाली होती माझी. पोह्याची बशी पुढे करताना हात लांब करावा लागतो, तेव्हा कोपर दिसतं, म्हणून आई म्हणायची हात जवळच ठेव. हात जवळ ठेवून बशी कशी द्यायची ते करून बघा एकदा. पाहुण्याच्या मांडीवर जवळजवळ बसावं लागतं.

तेविसाव्यानंतर माझं डोकं फिरलं. चोविसाव्या वेळेला बशी घेऊन बाहेर आले आणि कुणी तोंड उघडायच्या आत म्हटलं, "पोहे पिवळे आहेत, मी काळी आहे, रंगसंगती बघून घ्या." बाबा खो खो हसले. मध्यस्थ हसले. आतून आईच्या रडण्याचा आवाज आला. आणि मुलगा हसला! एवढा मनमोकळा हसला की मी तिथेच मनातून होकार देऊन टाकला. वाटलं, हा मला समजून घेईल.

लग्नानंतर दोन महिन्यांनी कळलं की ह्यांना डाव्या कानाने ऐकू येत नाही. सगळे हसले म्हणून हसले होते.

अडतीस वर्षं संसार झाला. अजून सांगितलेलं नाही मी त्यांना की तेव्हा काय बोलले होते. उजव्या कानात सांगायला हवं, पण त्या बाजूला नेहमी टीव्ही असतो.

---

तासिकावाला

मावशी, पाया पडतो. तुमच्यापुढे माझं गळकं छप्पर म्हणजे काहीच नाही.

---

जुना_खडू

मी थोडं वाकडं लिहिणार आहे, हलके घ्या.

तासिकावाले, तुम्ही अजूनही स्पर्धाच करताय. 'तुमच्यापुढे माझं काहीच नाही.' म्हणजे दुःखातसुद्धा नंबर हवा. स्वतःला सगळ्यात टाकाऊ म्हणणं हा माझ्या मते उलटा घातलेला फेटा आहे, पण फेटाच. जगात एवढी माणसं, त्यात नेमके तुम्हीच तळाला कसे? तुम्ही साधारण आहात. मीही साधारण आहे. चौतीस वर्षं शाळेत शिकवून निवृत्त झालो, माझ्या निरोप समारंभाला नारळ कमी पडला म्हणून शाल दिली आणि नारळ 'नंतर पाठवतो' म्हणाले. अजून आलेला नाही. मी त्यावरून स्वतःला ना थोर समजतो, ना टाकाऊ.

आता कुणीतरी म्हणेल की आपल्या संतांनीही स्वतःला पतित म्हटलं, हीनदीन म्हटलं. म्हटलं ना. पण ते विठ्ठलासमोर म्हटलं, त्याच्याशी त्यांचं भांडण होतं, हक्काचं होतं. तुम्ही म्हणता ते मठ्ठ्याच्या किटलीसमोर. आणि त्यांनी 'मी पतित' म्हटलं की पुढच्या ओळीत 'मग तू पावन कशाला म्हणवतोस' असा सवाल असायचा. तुमच्याकडे ती पुढची ओळच नाही. तुम्ही पहिल्या ओळीवर टाळ्या घेऊन खाली बसता.

---

तासिकावाला

सर, नारळाचं वाईट वाटलं.

बाकीचं रात्री तीनला वाचेन. तेव्हा मी जास्त मोकळा असतो.

---

खारी_बिस्कीट

पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

---

ठाणे_स्लो

जुना_खडू यांचा मुद्दा बरोबर आहे पण काठी जरा जोरात बसली. मी तोच मुद्दा एका माणसाची गोष्ट सांगून मांडतो, कारण त्या माणसापुढे आपण सगळे हौशी आहोत.

अल्बर्ट एलिस. विवेकनिष्ठ मानसोपचाराचा जनक, १९१३ चा जन्म. न्यूयॉर्कच्या ब्राँक्समध्ये वाढला. लहानपणी मूत्रपिंडाच्या दुखण्याने वारंवार दवाखान्यात, स्वभावाने बुजरा, मुलींशी बोलायचं म्हटलं की पाय लटपटायचे. १९ वर्षांचा असताना त्याने ठरवलं की ऑगस्टचा अख्खा महिना रोज बोटॅनिकल गार्डनमध्ये जायचं आणि बाकावर एकटी बाई दिसली की त्याच बाकावर बसायचं आणि मिनिटभरात बोलायला सुरुवात करायची. बाजूच्या बाकावर नाही, त्याच. स्वतःला पळवाट ठेवायची नाही.

१३० जणी झाल्या. ३० तत्काळ उठून गेल्या. १०० जणींशी बोलणं झालं. पक्ष्यांवर, फुलांवर, पुस्तकांवर. त्या शंभरातून एकीने परत भेटायचं कबूल केलं.

ती आली नाही.

तर हा हिशेब : १३० मध्ये शून्य. नलूमावशींचे तेवीस त्यापुढे पूर्वपरीक्षा. पण एलिस पुढे आयुष्यभर हा किस्सा हसत हसत सांगायचा, आणि त्याचा विनोद कशावर असायचा ते बघा. 'मी किती बावळट' यावर नाही. तो म्हणायचा की कुणी ओकलं नाही, कुणी पोलीस बोलावले नाहीत, म्हणजे ज्याची एवढी भीती होती ते घडलंच नाही. त्याने थट्टा भीतीची केली, स्वतःला सोडून दिलं. मला हा फरक कळायला बरीच वर्षं लागली.

आपल्याकडे कि. मो. फडक्यांनी हा विचार मराठीत आणला, खुद्द एलिसशी त्यांचा वर्षानुवर्षं पत्रव्यवहार होता. मी ठाण्यात राहतो, आयपीएच या इथल्या मानसिक आरोग्य संस्थेच्या कार्यक्रमांना जाऊन मागच्या खुर्चीवर बसायची सवय आहे, तिथून हे नाद लागले.

तासिकावाले, तुमच्यासाठी मुद्दाम एक गोष्ट. एलिसला 'स्वतःला शून्य मार्क देणं' जेवढं नामंजूर होतं तेवढंच 'स्वतःला नऊ मार्क देणं'सुद्धा. म्हणून आरशासमोरचे अकरा मंत्रही बाद. त्याचं म्हणणं, माणसाला मार्क देताच येत नाहीत, कृतीला देता येतात. तुम्ही मास्तर आहात, तुमच्या भाषेत सांगतो : पेपर तपासायचा, पोराला नाही तपासायचं.

---

तासिकावाला

पेपर तपासण्याचे दर पेपरामागे पैसे मिळतात. पोराचे मिळत नाहीत, म्हणून तेही उरकून घेतो.

(बघा, आलाच विनोद. थांबवता येत नाही. उचकी आहे ही.)

---

गवती_चहा

थांबवायचं कशाला पण? यावरही काम झालंय. रॉड मार्टिन नावाच्या कॅनडातल्या मानसशास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी २००३ मध्ये विनोदाचे चार प्रकार मांडले : माणसं जोडणारा, स्वतःला तारणारा, दुसऱ्याला टोचणारा आणि स्वतःला खाणारा. दुसरा आणि चौथा बाहेरून जुळे भाऊ दिसतात. दोन्हीत आपण स्वतःच्या फजितीवरच हसतो. पण दुसरा एकटं असतानाही येतो, आणि चौथ्याला प्रेक्षक लागतात, कारण तो त्यांनी आपल्याला बरं म्हणावं म्हणूनच केलेला असतो.

मावशींचा चोविसावा पोहा कुठल्या खान्यात बसवायचा ते मला ठरवता येत नाहीये.

---

नलूमावशी

त्या दिवशी चौथा होता गं. मी संतापाने थरथरत होते, बशीतल्या शेवेचा आवाज येत होता. दुसऱ्या खान्यात यायला पन्नाशी उजाडली.

---

बाकडा_७२

बरेच दिवस वाचनमात्र होतो, आज लिहितो.

पुण्यात पेठेत अभ्यासिकेत बसतो. राज्यसेवा, पाचवा प्रयत्न. वय २९. माझा बाकडा नंबर ७२, पंख्याच्या खाली नाही आणि खिडकीजवळही नाही. गावाकडे आईने लोकांना सांगून ठेवलंय की 'साहेब होणार'. दोन वर्षांपूर्वी लोक विचारायचे 'झाला का?' आता विचारत नाहीत. मेसवाल्या काकू आधी म्हणायच्या 'साहेब, पोळी?', आता नुसतं 'पोळी?'

एका मार्काने पूर्व गेली तेव्हा मित्राला म्हटलं, माझ्या नावाचा बाकडा करा, उद्यानात ठेवतात तसा. 'येथे अमुक बसला होता. बसलाच होता.'

खरं तर बाकड्याचीही चिंता नाही. वेटिंग लिस्ट आहे. मी नसलो तर दुसऱ्या दिवशी भरेल, कुणाला कळणारही नाही. उलट बाबांचे महिन्याचे आठ हजार वाचतील. सगळ्यात किफायतशीर उपाय आहे हा, एक्सेलमध्ये बसवून बघितलाय.

---

खारी_बिस्कीट

खिक्. 'बसलाच होता' हे जबरी.

---

ठाणे_स्लो

७२, पहिला भाग वाचून मीही हसलो. शेवटच्या परिच्छेदाला हसू आलं नाही. सरळ विचारतो, राग मानू नकोस. 'मी नसलो तर' म्हणजे गावी परत गेलो तर, की मरण्याबद्दल बोलतोयस?

(इतरांसाठी : असं थेट विचारल्याने कुणाच्या डोक्यात नवीन काही शिरत नाही. विचारा.)

---

खारी_बिस्कीट

सॉरी भावा. मी नीट वाचलं नव्हतं. वरचा प्रतिसाद उडवता येत नाहीये.

---

बाकडा_७२

राहू दे रे, विनोद आवडला तर आवडला.

ठाणे_स्लो, विनोदच आहे. म्हणजे ऐंशी टक्के.

---

नलूमावशी

उरलेल्या वीस टक्क्यांसाठी व्यक्तिगत निरोप (व्यनि) केलाय, त्यात माझा नंबर आहे. मी पुण्यातच असते, सिंहगड रोडला. आत्ता जागी आहे, एरवीही मला झोप येत नाही. फोन कर आणि काही बोलायचं नसेल तर बोलू नकोस, मी एकटी तासभर बोलू शकते, ह्यांना विचार.

आणि मला फोन करायला नको, अनोळखी म्हातारीला कशाला, असं वाटलं तर १४४१६ लाव. टेलिमानस, मनाच्या त्रासासाठीची हेल्पलाइन. सरकारी आहे, ऑक्टोबर २०२२ पासून चालू आहे, पैसे पडत नाहीत, रात्री-अपरात्री चालतं, मराठीत बोलतात. माझ्या भाचीसाठी मी स्वतः लावलाय.

ते एक्सेल मलाही पाठव. आठ हजार वाचतील म्हणतोस, त्यात आईबापाचा रकाना कुठे धरलायस ते बघायचंय मला.

---

जुना_खडू

मीही जागा आहे. ७२, तुझा पेपर गेलाय. मी वर जे कडक लिहिलं ते हसून पुढे जाणाऱ्यांना होतं, तुला नव्हतं.

---

बाकडा_७२

मावशींशी बोललो. दीड तास. त्यातली ऐंशी मिनिटं त्याच बोलत होत्या.

रविवारी जेवायला बोलावलंय. पोहे करणार नाही म्हणाल्या. उद्या सकाळी १४४१६ लावायचं कबूल करून घेतलंय, लावल्यावर त्यांना मिस्ड कॉल द्यायचाय. अभ्यासिकेपेक्षा कडक हजेरी आहे.

---

तासिकावाला

दोन आठवड्यांनी धागा वर काढतोय. ७२ नियमित हजेरी लावतोय हे मावशींकडून कळलं, त्यापलीकडचं त्याचं त्याने सांगावं.

माझं सांगतो. ठाणे_स्लो यांनी व्यनित एलिसचे आणखी उद्योग कळवले. लाज मोडण्याचे व्यायाम. केळ्याला दोरी बांधून कुत्र्यासारखं रस्त्यावरून फिरवायचं. किंवा रेल्वेत बसून पुढचं स्टेशन मोठ्याने ओरडून जाहीर करायचं. लोक बघतील, हसतील, आणि तुम्ही मरणार नाही, हे अंगाने शिकायचं. केळं मला झेपलं नसतं, आमच्या गल्लीत गाई आहेत.

तर शनिवारी मुलीला घेऊन सांगलीहून आष्ट्याला निघालो होतो, एसटीने. गाडी भरलेली. मी दांड्याला धरून उभा, ही खिडकीपाशी एका आजींच्या मांडीवर. बसस्टँड सोडल्यापासून तोंडाला कोरड पडली होती. अकरा वर्षं ऐंशी-ऐंशी पोरांसमोर बोलतोय मी, आणि दोन अक्षरं निघेनात. तुंग जवळ आलं तसा डोळे मिटले आणि ओरडलो,

"तूंऽऽग!"

गाडीत शांतता. पुढच्या सीटवरचा माणूस दचकून उठला, त्याला खरंच तुंगला उतरायचं होतं. आजींनी मुलीला जरा जवळ ओढून घेतलं. मुलगी माझ्याकडे बघतेय. कंडक्टर गर्दीतून वाट काढत आला, मला वरपासून खालपर्यंत बघितलं, आणि हळू आवाजात विचारलं,

"कंत्राटी का?"

मी म्हटलं, "तासिका तत्त्वावर."

"पगार होतोय का वेळेवर?"

"नाही."

"मग ओरडा," म्हणाला. "माझा घसा बसलाय. पुढं मिरजवाडी."

मुलीने मिरजवाडी ओरडायला मागितलं. मी दिलं.